माझ्या गळ्यातला रशियन

आजवर मी कितीदा मेलो, याची मोजदाद मी ठेवलेली नाही. गोळी लागून मेलो, हेलिकॉप्टरमधून पडून मेलो, एकदा तर स्वतःच्याच पाणबुडीत बुडून मेलो. दर वेळी मी रशियन होतो. मी मेलो की बघणारे टाळ्या वाजवायचे, आणि त्यांच्यातच बसलेला असलो तर मीही वाजवायचो.

नोकरी माझी साधी कारकुनाची. एका शिक्षण संस्थेच्या कार्यालयात जन्म गेला. पण सुटीच्या दिवशी मी नागपुरात सदरमधल्या एका इमारतीच्या तिसऱ्या मजल्यावर आवाज द्यायला जातो. परदेशी सिनेमे हिंदीत करायचं काम मुंबईत होतं, हे सगळ्यांना माहीत आहे. तिथे कोणी घ्यायला तयार नसलेलं किंवा फार घाईचं काम नागपूरपर्यंत येऊन पोचतं, हे कोणाला माहीत नसतं. पूर्वी सीडीवर विकायचे सिनेमे यायचे, आता मोबाइलवर बघायचे येतात. स्टुडिओ म्हणजे भिंतींना गाद्या ठोकलेली एक खोली. एसीची घरघर माइकमध्ये जाते म्हणून टेक सुरू झाला की एसी बंद. भर मे महिन्यात, बनियनवर, घाम पुसत मी सैबेरियाच्या बर्फात कुडकुडून मेलेलो आहे.

मी रशियन झालो तो सर्दीमुळे. पहिल्यांदा मला बोलावलं होतं एका पोलिसाच्या दोन वाक्यांसाठी. नेमकं त्या दिवशी नाक चोंदलेलं आणि घसा बसलेला. दिग्दर्शक काचेपलीकडून ऐकत होता. तो म्हणाला, "भाऊ, पोलिस जाऊ द्या. तुमचा आवाज एकदम रशियन येऊन राहिला." त्याने जन्मात रशियन माणूस ऐकलेला नव्हता. मीही नव्हता. पण दोघांनाही ते लगेच पटलं.

मग सर्दी नसली तर ती आणायची कशी, याचाही मी बंदोबस्त केला. आदल्या दिवशी दुपारी सावजीचा जाळ रस्सा आणि त्यावर गार पाणी, की दुसऱ्या दिवशी घसा हवा तसा खरखरतो. बोलायची पद्धतही ठरून गेली. वाक्याआधी नाकातून जोरात श्वास सोडायचा. मग थांबायचं. मग एकेक शब्द सुटा ठेवायचा, घाई करायची नाही आणि आवाज मुळीच चढवायचा नाही. सिनेमात चांगली माणसं भराभर बोलतात. वाईट माणसाकडे वेळच वेळ असतो. दृश्यात मागे रशियन शिपाई आपसात बोलत असतील आणि त्यांचा मूळ आवाज सिनेमाबरोबर आलेला नसेल, तर त्या गर्दीचा आवाजही मीच द्यायचो. मला रशियन येत नाही म्हटलं तर दिग्दर्शक म्हणायचा, "काहीपण बोला गा, कोणाले समजते?" मग मी सासुरवाडीच्या रस्त्यावरचे एसटीचे थांबे दरडावून म्हणायचो. कोराडी, पाटणसावंगी, सावनेर, खापा. एका सिनेमात अणुबॉम्ब सोडायचा हुकूम 'पाटणसावंगी' असा सुटलेला आहे आणि आजतागायत कोणाची तक्रार आलेली नाही.

आमची मुलगी लहान असताना मी स्टुडिओतून आलो की दारातच विचारायची, "बाबा, आज कसे मेले?" मी सोफ्यावर कोसळून दाखवायचो. ती खिदळायची आणि परत मरायला लावायची. बायको धंतोलीतल्या एका खासगी हॉस्पिटलात सिस्टर आहे. दिवसभर खरी आजारी, मरणारी माणसं बघून आलेली ती, तिला आमच्या या खेळाचं कौतुक नव्हतं. ती स्वयंपाकघरातून म्हणायची, "मेल्यावर हातपाय धुवा अन् जेवाले बसा."

आता माझ्या डोक्यात जो गोंधळ आहे, तो सांगतो. माझ्या आयुष्यात पहिले रशियन आले ते असे नव्हतेच. माझे वडील गिरणीत होते. आम्ही उत्तर नागपुरात राहायचो, आजोबांनी दीक्षा घेतलेली, वस्तीही सगळी आपलीच. वडिलांच्या युनियनच्या वाचनालयात रशियाहून गुळगुळीत कागदाची मासिकं यायची. जुने अंक वडील घरी आणायचे, आणि जूनमध्ये आम्ही सगळी भावंडं त्या पानांची कव्हरं आमच्या वह्यांना चढवायचो. गणिताच्या वहीवर गव्हाचं शेत. भूगोलावर डोक्याला रुमाल बांधून ट्रॅक्टर चालवणारी बाई. इतिहासावर पांढऱ्या कोटातली एक डॉक्टरीण, एका लहान मुलाच्या छातीला नळी लावून हसत असलेली. तिचे गाल इतके लाल होते की आजारी तीच असावी असं मला वाटायचं. वडील म्हणायचे, "हे लोक आपले आहेत." मी त्या डॉक्टरणीला वर्षभर दप्तरातून नेलं आणि आणलं.

ती चित्रं तरी कुठे खरी होती, हे आता कळतं. तीही कोणीतरी निवडून, रंगवून पाठवलेलीच होती. पण तेव्हा ती खरी होती.

वडील थकले होते तेव्हा मी त्यांना हौसेने माझा एक सिनेमा दाखवला. घरीच, सीडी लावून. त्यात मी एक रशियन जनरल होतो आणि मला सगळं जग जाळायचं होतं. शेवटी मी जळालो. वडील सगळं शांतपणे बघत बसले. मग म्हणाले, "हा तू होता?"

"हो."

"त्यायनं तुह्यं काय बिघडवलं होतं गा?"

मी म्हणालो, बाबा, काम आहे ते. त्यांनी मान हलवली आणि टीव्ही बंद करायला सांगितलं. पुढे कधी त्यांनी माझ्या आवाजाचा विषय काढला नाही. मला तेव्हा त्यांचा राग आला होता. माणसाचं नाटक आणि माणूस वेगळा कळू नये का, असं वाटलं होतं.

एकदा मीच दिग्दर्शकाला विचारलं होतं की हा माणूस शहर उडवायला निघालाय, पण काहून? त्याला त्यातून मिळणार काय? दिग्दर्शकाने कागद उलटेपालटे केले. "कारण नाही दिलं भाऊ. रशियन आहे ना तो." एवढ्यावर आम्ही पुढचा टेक घेतला. आणि गंमत बघा, त्याच इमारतीखालच्या चहाच्या टपरीवर पेपर वाचत बसलेले लोक म्हणायचे की रशिया आपला पक्का दोस्त, अडीअडचणीला तोच धावून येतो. तीच माणसं संध्याकाळी घरी जाऊन रशियन मेला की खूश व्हायची. कोणालाच त्यात काही खटकत नव्हतं. मलाही नव्हतं. शत्रू अमेरिकेचा, दोस्त आपला, आणि मरताना आवाज नागपूरचा. कसं काय ते सगळं एकाच डोक्यात मावायचं, कोण जाणे.

मुलगी बारावी झाली. डॉक्टर व्हायचं तिने आईबरोबर हॉस्पिटलात जाऊन-जाऊन लहानपणीच ठरवलं होतं. परीक्षेत सरकारी कॉलेजपुरते गुण पडले नाहीत, आणि खासगीचं नाव काढण्यात अर्थ नव्हता. आमच्या वस्तीतली दोन मुलं रशियात शिकत होती. एक दिवस तिने जेवताना सांगितलं, "बाबा, मी पण जाते."

मी नको म्हणालो. बायकोने विचारलं, काहून नको? मी म्हणालो, थंडी फार असते. मग म्हणालो, जेवणाचे हाल होतात. मग म्हणालो, तिकडे लढाई सुरू आहे, टीव्हीवर बघत नाहीस का? तिने नकाशा उघडून दाखवलं की तिचं कॉलेज लढाईपासून किती लांब आहे. माझ्याकडची कारणं संपली. खरं कारण मला बोलताच येईना. डोळे मिटले की मला कोळशासारख्या काळ्या कॉरिडॉरमध्ये बुटांचा आवाज यायचा, लोखंडी दार यायचं, खुर्चीला बांधलेला माणूस यायचा. आणि दार उघडून आत येणारा जो असायचा, तो माझ्याच आवाजात बोलायचा.

"तुम्हाले काय मालूम हो रशियाचं?" बायको म्हणाली.

वीस वर्षं तेच तर करतोय, असं तोंडावर आलं होतं. मी गिळून टाकलं.

ती निघाली त्या दिवशी विमानतळावर मी तिला बाजूला घेतलं आणि एक शब्द घेतला. तिकडे कुठल्याही कागदावर, कसल्याही, मला विचारल्याशिवाय सही करायची नाही. ती म्हणाली, "बरं बाबा." तिला वाटलं, कारकून माणूस आहे, कागदाची काळजी असणारच. पण ते माझ्यातल्या कारकुनाचं नव्हतं. एका सिनेमात मी एका कैद्यापुढे त्याला न कळणाऱ्या भाषेतला कागद सरकवला होता. नाकातून श्वास सोडून, सावकाश म्हणालो होतो, 'साइन... करो.' त्याने सही केली आणि पुढच्या दृश्यात तो नव्हता. जो प्रसंग मीच माइकसमोर उभा केला, त्यालाच मी घाबरत होतो. हे मला तिथे विमानतळावरही कळत होतं, तरी मी शब्द घेतलाच.

दोन वर्षं बरी गेली. ती रोज फोन करायची. मागून कोणी रशियन बोललं की मी कान टवकारायचो. कोण आहे? काय म्हणून राहिले? ती सांगायची, मेसवाली काकू आहे, बटाटे संपले म्हणून राहिली. मला तो बटाट्यांचा आवाज वाटायचा नाही. तिच्या खोलीतल्या रशियन मुलीला तिने माझा एक सिनेमा दाखवला. ती मुलगी म्हणे पोट धरून हसली आणि तिने विचारलं, तुझे बाबा असे आजारी माणसासारखे का बोलतात? यावर मी हसलो, पण मनातून थोडा दुखावलोच. पोटात सावजी घालून कमावलेला आवाज होता तो.

मग या वर्षी एका दुपारी, मी कार्यालयात असताना, तिचा फोन आला. आवाज बारीक. पोटात सकाळपासून दुखत होतं, मैत्रिणींनी हॉस्पिटलात आणलं, अपेंडिक्स आहे म्हणतात, लगेच ऑपरेशन करायचं म्हणतात.

"बाबा, सही मागून राहिले."

"कशावर?"

"संमतीचा कागद आहे. रशियनमध्ये आहे. थोडं समजते, सगळं नाही समजत."

"थांब," मी म्हणालो. "करू नको. आईला विचारतो."

आई ऑपरेशन थिएटरमध्ये होती, फोन लॉकरमध्ये. हॉस्पिटलात फोन लावला तर सिस्टर केसमध्ये आहेत, निरोप देतो, एवढंच. मी परत लावला, परत तेच. इकडे मुलीचा फोन पुन्हा आला. मी म्हणालो, नागपूरला येता येईल का बघ, दिल्लीपर्यंत तरी. आज हे लिहितानाही मला लाज वाटते. पोटात अपेंडिक्स पिकलेल्या मुलीला मी विमानात बसायला सांगत होतो. आणि ती वेदनेने कण्हत असूनही सही करत नव्हती, कारण तिने मला शब्द दिला होता. असा पाऊण तास गेला.

मग तिच्याच फोनवरून दुसरा आवाज आला. बाईचा. "हॅलो, पापा."

मी कार्यालयाच्या जिन्यात उभा होतो. मला विचारायचं होतं, मॅडम, खरंच गरज आहे का, तिला काही होणार नाही ना. इंग्रजी मला कामापुरतं येतं. मी तोंड उघडलं. नाकातून जोरात श्वास सुटला. मी थांबलो. आणि मग माझ्या तोंडून, सुटे सुटे, खरखरीत, एकेक शब्द बाहेर आला:

"यू... विल नॉट... टच... माय डॉटर."

जिन्यातून वर येणारा शिपाई जागीच थांबला. फोनवर मागून मुलीचा आवाज ऐकू आला, रडवेला, "बाबा, नका ना." तिने तो आवाज ओळखला होता. मीही ओळखला होता. घशात दुसरा आवाजच सापडत नव्हता. परक्या माणसाशी घाबरून कसं बोलायचं, हे मी कधी शिकलोच नव्हतो. मला येत होतं ते एवढंच.

मग ती बाई बोलली. पातळ, चिरका, थकलेला आवाज. त्यात जरब नव्हती आणि गोडवाही नव्हता. आमच्या हिच्यासारखा, दुपारी सलग तिसरी केस संपवून आलेल्या माणसाचा. तिचं इंग्रजी माझ्याहून मोडकं होतं.

"पापा. यू डोन्ट नो मी. आय डोन्ट नो यू. गर्ल हॅज पेन. वेटिंग इज बॅड."

एवढंच. आपण चांगली डॉक्टर आहोत, असं ती म्हणाली नाही. काळजी करू नका, असंही म्हणाली नाही. मी त्या आवाजात काहीतरी शोधत होतो. आवाजावरून माणूस ओळखणं हाच तर माझा धंदा; पहिल्या वाक्याला कळलं पाहिजे हा कोणाच्या बाजूचा, नाहीतर टेक पुन्हा. मला काही म्हणजे काही कळलं नाही. इतिहासाच्या वहीवरची डॉक्टरीण आठवली, खुर्चीला बांधलेला माणूस आठवला, आणि दोन्ही या आवाजाला लागू पडेनात.

मी मुलीला म्हणालो, "कर सही." माझा विश्वास बसला म्हणून म्हणालो, असं मी सांगणार नाही. मला दुसरं काही सुचलं नाही म्हणून म्हणालो.

ऑपरेशन झालं. आणखी उशीर झाला असता तर फुटलं असतं, असं तिकडून कळलं. संध्याकाळी बायको घरी आली तेव्हा मी सगळं खरं सांगितलं. ती खुर्चीवर बसली. "अपेंडिक्स होतं अन् तुम्ही पोरीले थांबवून ठेवलं? पाऊण तास? काहून?" मी काय सांगणार होतो? रशियन आहेत म्हणून? त्या वेळी मला आमचा दिग्दर्शक आठवला, कागद उलटेपालटे करणारा. बायको माझ्याशी दोन दिवस बोलली नाही आणि तिचं बरोबरच होतं.

त्यानंतरच्या रविवारी स्टुडिओतून बोलावणं आलं. मोठा रोल होता. रशियन सैन्यातला डॉक्टर. तो नायकाला टेबलावर बांधतो आणि सुई टोचून गुपितं काढून घेतो. मी कागद वाचला आणि नाही म्हणणार होतो, पण म्हणालो नाही. माइकसमोर उभा राहिलो, एसी बंद झाला. मी नाकातून श्वास सोडला नाही. घसा दाबला नाही. फोनवर ऐकलेली ती बाई जशी बोलली होती तसा बोललो. थकलेला, सरळ, काम उरकायचं आहे अशा आवाजात.

काचेपलीकडे दिग्दर्शकाने हात वर केला. "भाऊ, हा रशियन नाही वाटून राहिला."

"मग कोण वाटून राहिला?"

तो विचारात पडला. "कोणीपण वाटून राहिला. आपल्या धंतोलीतला डॉक्टर वाटून राहिला."

मी त्याला सांगायचा प्रयत्न केला की रशियन डॉक्टर असाच बोलतो, मी कानाने ऐकलाय. तो हसला. "खरा असंल भाऊ, पण लोकाईले ओळखू नाही येणार ना." त्याचंही चुकलं होतं असं मला म्हणता येईना. खरंच ओळखू येत नव्हता. मग मी श्वास सोडला, थांबलो, एकेक शब्द सुटा ठेवला. एका टेकमध्ये ओके झालं. शेवटी नायकाने तीच सुई माझ्या मानेत खुपसली आणि मी मेलो.

खाली उतरून मी गाडीला किल्ली लावतच होतो, तेवढ्यात मुलीचा फोन आला. आवाज बरा वाटत होता. टाके काढले म्हणाली. मग म्हणाली, "डॉक्टर मॅडम विचारत होत्या, तुझा पापा अजून रागात आहे का."

"तू काय सांगितलं?"

"सांगितलं, रागात नव्हते. घाबरले होते, अन् घाबरले की असेच बोलतात."

"मग?"

"त्या म्हणाल्या, माहीत आहे. तेव्हाच कळलं होतं."

मी गाडीच्या सीटवर बसून राहिलो. एवढे सिनेमे झाले, एवढ्या टाळ्या झाल्या, आणि त्या आवाजातला माणूस घाबरलेला आहे हे एकट्या तिला कळलं होतं. मला नव्हतं कळलं.

"बाबा? आहे ना? आज रविवार. स्टुडिओत गेले होते?"

"हो."

"मग? आज कसे मेले?"

तिच्या मागे हॉस्पिटलातल्या ट्रॉलीचा आवाज येत होता, कोणीतरी बाई कोणालातरी काहीतरी रशियनमध्ये सांगत होती. मी कान लावून ऐकलं. ती रागात होती, दमली होती की नुसतीच बोलत होती, मला कळलं नाही.

"आज नाही मेलो," मी म्हणालो. "आज छोटंसंच काम होतं."